राजवाड्यांचे सोल, बाजारांचे सोल

कोरियन भाषेत 'गुंग' म्हणजे राजवाडा, 'मुन' म्हणजे दरवाजा आणि 'सिजांग' म्हणजे बाजार. हे तीन शब्द ध्यानात ठेवले, तरी सोलच्या एकदिवसीय सहलीचा कार्यक्रम अर्धाअधिक उलगडतो. सकाळी हॉटेलच्या दारातून बस निघते, दहाच्या सुमारास ग्योंगबोकगुंगच्या दारात पहारा बदलण्याचा सोहळा दाखवला जातो, दुपारी जेवणानंतर चांगदोकगुंग, मग इन्सादोंगच्या गल्लीतील दुकाने आणि अखेरीस नामदेमुन किंवा ग्वांगजांग बाजार. संध्याकाळी पाच-सहाला पर्यटक पुन्हा हॉटेलवर. कामानिमित्त कोरियाला जाणाऱ्या आपल्याकडच्या अनेकांच्या हाती असा एकच मोकळा दिवस असतो. त्या दिवसात नेमके काय पाहिले, हे कळायचे असेल तर मार्गदर्शकाच्या छोट्या ध्वज्यामागे धावण्यापूर्वी थोडी पार्श्वभूमी माहीत असलेली बरी.

सहलीच्या पत्रकात राजवाडे आणि बाजार हे 'इतिहास' आणि 'खरेदी' अशा दोन वेगळ्या रकान्यांत छापलेले असतात. प्रत्यक्षात दोन्ही एकाच आराखड्यातून जन्मले. यी सोंगग्ये या सेनापतीने १३९२ मध्ये जोसोन घराण्याची स्थापना केली, १३९४ मध्ये राजधानी आजच्या सोलच्या जागी हलवली आणि १३९५ मध्ये ग्योंगबोकगुंग उभा राहिला. राजधानी कशी वसवावी, याचे प्राचीन चिनी ग्रंथांतील नियम त्यांच्यासमोर होते. राजा दक्षिणेकडे तोंड करून बसणार. त्याच्या डाव्या हाताला पूर्वजांचे मंदिर, उजव्या हाताला भूमी आणि धान्य यांच्या देवतांची वेदी, पुढे दरबार आणि मागे बाजार. पहिल्या तीन गोष्टी जमल्या. पूर्वेकडील जोंगम्यो हे राजघराण्याचे पूर्वजमंदिर आजही आहे आणि १९९५ पासून ते युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या यादीत आहे. बाजाराचे मात्र जमेना, कारण राजवाड्याच्या पाठीशी बुगाकसान हा डोंगर उभा होता. त्यामुळे बाजार पुढे आला आणि जोंगनो या पूर्व-पश्चिम रस्त्याच्या दुतर्फा वसला.

पंधराव्या शतकाच्या आरंभी सरकारनेच या रस्त्यावर दुकानांच्या रांगा बांधून व्यापाऱ्यांना भाड्याने दिल्या. विशिष्ट माल विकण्याचा मक्ता त्यांना मिळाला. बदल्यात राजवाड्याला लागेल तो माल पुरवण्याची जबाबदारी त्यांच्यावर आली. रेशीम, सुती कापड, रॅमी नावाच्या तागासारख्या धाग्याचे कापड, कागद, मासळी अशा मालाची सहा दुकाने यांत सर्वांत बलिष्ठ ठरली. मक्त्याबाहेरच्या फेरीवाल्याचा माल जप्त करण्याचा अधिकारही या दुकानदारांना पुढे मिळाला होता. राजा जोंगजो याने १७९१ मध्ये या सहा दुकानांचा अपवाद ठेवून तो अधिकार काढून घेतला आणि छोट्या विक्रेत्यांना श्वास घेता आला. सोलच्या बाजारांचा इतिहास सांगताना मार्गदर्शक हे वर्ष बहुधा वगळतात. खरे तर आज दिसणाऱ्या गजबजलेल्या मोकळ्या बाजाराच्या दिशेने पडलेले ते मोठे पाऊल होते.

याच जोंगनो रस्त्यामागे 'पिमात्गोल' नावाची अरुंद गल्ली होती. नावाचा अर्थ 'घोडा चुकवण्याची गल्ली'. मुख्य रस्त्यावरून अधिकारी घोड्यावरून निघाला की सामान्य माणसाला वाटेत थांबून लवावे लागे. दिवसातून किती वेळा लवणार? म्हणून लोक मागच्या गल्लीतून जाऊ लागले आणि त्यांच्यासाठी तेथे खानावळी, दारूचे गुत्ते उभे राहिले. गेल्या दोन दशकांतील पुनर्विकासात या गल्लीचा मोठा भाग उंच इमारतींखाली गेला. राजवाडा विटेविटेने पुन्हा उभारणाऱ्या शहराला ही गल्ली मात्र वाचवता आली नाही.

दोनदा उद्ध्वस्त झालेला वाडा

ग्योंगबोकगुंगमध्ये शिरताना एक गोष्ट लक्षात ठेवावी. येथे जे दिसते, त्यातले फारच थोडे सहाशे वर्षांपूर्वीचे आहे. १५९२ मध्ये जपानच्या आक्रमणाच्या वेळी हा राजवाडा जळाला आणि सुमारे पावणेतीनशे वर्षे तसाच उजाड राहिला. १८६७ मध्ये तो पुन्हा उभा राहिला, तो राजा गोजोंगच्या वडिलांच्या, म्हणजे कारभार पाहणाऱ्या हुंगसोन देवोनगुन यांच्या हट्टातून. घराण्याची गेलेली पत परत मिळवायची, हा हेतू. पैसा मात्र नव्हता. मग 'स्वेच्छा देणगी' गोळा करण्यात आली. लोकांनी त्या नावातील एक अक्षर बदलून, उच्चार तोच ठेवून, त्याचा अर्थ 'चरफडत दिलेला पैसा' असा केला. त्यानेही भागेना, तेव्हा शंभरपट दर्शनी मूल्याचे नाणे पाडले गेले. त्यातील धातूची किंमत जेमतेम पाच-सहा पट होती. परिणाम व्हायचा तोच झाला: तांदळाचे भाव भडकले आणि थोड्याच काळात ते नाणे बंद करावे लागले. राजवाड्याचा खर्च बाजाराने कसा भरला, याचे याहून स्पष्ट उदाहरण शोधावे लागणार नाही.

सिंहासनाचा महाल गुनजोंगजोन आजही आहे, तो याच १८६७ च्या उभारणीतला. समोरच्या फरसबंद अंगणात दोन ओळींत छोटे शिलास्तंभ आहेत. त्यांवर श्रेणी कोरलेल्या आहेत. पूर्वेला मुलकी अधिकारी, पश्चिमेला लष्करी, आणि ज्याची श्रेणी वरची तो राजाच्या जवळ. गर्दीतले पर्यटक त्यांना टेकून छायाचित्रे काढतात. आत सिंहासनामागे सूर्य, चंद्र आणि पाच शिखरे यांचे चित्र दिसते. तेच चित्र दहा हजार वॉनच्या नोटेवर राजा सेजोंगच्या मागे आहे. हांगुल लिपी १४४३ मध्ये तयार करून १४४६ मध्ये जाहीर करणारा हाच राजा, आणि ते काम याच राजवाड्याच्या आवारात झाले. तळ्यातील ग्योंगह्वेरू या मेजवानीच्या मंडपाला ४८ दगडी खांब आहेत. बाहेरचे चौकोनी, आतले गोल. येथे दहा मिनिटे स्वस्थ बसण्याची मुभा सहलीत मिळाली, तर ती सोडू नये.

बहुतेक सहली येथूनच परत फिरतात. राजवाड्याच्या उत्तर टोकाला गोनचोंगगुंग हे निवासस्थान आहे. १८८७ मध्ये कोरियातील पहिले विजेचे दिवे येथे लागले. आणि ८ ऑक्टोबर १८९५ च्या पहाटे जपानी मारेकऱ्यांनी राणी मिन, म्हणजेच नंतरची सम्राज्ञी म्योंगसोंग, हिची याच जागी हत्या केली. जपानच्या वाढत्या प्रभावाला ती रशियाच्या मदतीने शह देऊ पाहत होती. काही महिन्यांतच राजाने रशियाच्या वकिलातीत आश्रय घेतला आणि या राजवाड्यात तो पुन्हा राहायला आला नाही. ती वास्तू १९०९ मध्ये पाडली गेली. २००७ मध्ये ती पुन्हा बांधून खुली करण्यात आली. मुख्य महालापासून दहा-पंधरा मिनिटांची चाल आहे. पहाऱ्याचा रंगीबेरंगी सोहळा थोडा कमी पाहिला तरी चालेल, पण ही जागा पाहावी, असे आमचे मत आहे.

१९१० मध्ये जपानने कोरिया गिळंकृत केला. राजवाड्यातील शेकडो इमारती पाडल्या किंवा विकल्या गेल्या आणि १९२६ मध्ये सिंहासन महालाच्या नेमकी समोर गव्हर्नर-जनरलची प्रचंड दगडी इमारत उभी राहिली. शहरातून राजवाडा दिसूच नये, अशी ती जागा होती. ग्वांगह्वामुन हे महाद्वार तेथून उचलून पूर्वेच्या भिंतीकडे हलवले गेले. स्वातंत्र्यानंतरही ती इमारत टिकली. १९८६ पासून तर तेथे राष्ट्रीय संग्रहालय होते. ती पाडावी की इतिहासाचा पुरावा म्हणून ठेवावी, यावर कोरियात बराच खल झाला. अखेर स्वातंत्र्याच्या पन्नासाव्या वर्धापनदिनी, १५ ऑगस्ट १९९५ रोजी पाडकाम सुरू झाले. घुमटावरचा कळस चोनान येथील स्वातंत्र्य संग्रहालयाच्या आवारात आहे; पाहणाऱ्याने वरून खाली पाहावे, अशा बेताने मुद्दाम खोलगट जागी ठेवलेला.

महाद्वाराची कथाही अशीच वळणावळणाची. कोरियन युद्धात त्याचा लाकडी मजला जळाला, १९६८ मध्ये तो काँक्रीटचा झाला, आणि २०१० मध्ये मूळ जागी लाकडात पुन्हा बांधला गेला. १९६८ च्या दारावर राष्ट्राध्यक्ष पार्क चुंग-ही यांच्या हस्ताक्षरातील हांगुल फलक होता. २०१० मध्ये त्याजागी एकोणिसाव्या शतकातील चिनी अक्षरांचा फलक आला आणि काही महिन्यांतच त्याला तडा गेला. अमेरिकेतील स्मिथसोनियन संस्थेकडील जुन्या छायाचित्राच्या आधारे काळ्या पार्श्वभूमीवर सोनेरी अक्षरांचा नवा फलक ऑक्टोबर २०२३ मध्ये लागला. ज्या राजवाड्यात हांगुल जन्मली, त्याच्या दारावर चिनी अक्षरे का, हा प्रश्न २०२४ मध्ये खुद्द संस्कृतिमंत्र्यांनीच पुन्हा उपस्थित केला. पाटीवरून चालणारे असे वाद आपल्याला काही नवे नाहीत.

चांगदोकगुंग त्या मानाने शांत. १४०५ मध्ये बांधलेला हा दुय्यम राजवाडाही १५९२ मध्ये जळाला. पण तो लवकर उभारला गेला आणि पुढची अडीचशेहून अधिक वर्षे राजे मुख्यतः येथेच राहिले. ग्योंगबोकगुंग सरळ रेषेत मांडलेला आहे, तर हा डोंगरउताराच्या कलाने वळत जातो. १९९७ मध्ये युनेस्कोने त्याला जागतिक वारशाचा दर्जा दिला. १९१७ च्या आगीत येथील राजा-राणीचे महाल जळाले, तेव्हा ग्योंगबोकगुंगमधील महाल सोडवून त्यांच्या लाकडांतून ते पुन्हा बांधण्यात आले. मागच्या 'हुवोन' उद्यानात ठरावीक वेळेला आणि मर्यादित संख्येनेच सोडतात. सहलीच्या दरात हे उद्यान धरलेले आहे का, हे आधी विचारून घ्यावे, पुष्कळदा नसते. शेजारच्या चांगग्योंगगुंगमध्ये तर १९०९ मध्ये प्राणिसंग्रहालयच उघडले गेले आणि वाड्याचे नाव 'उद्यान' असे उतरवण्यात आले. ते जुने नाव १९८३ मध्ये परत मिळाले.

मुगाची धिरडी आणि 'मावशी'

ग्वांगजांग बाजाराचे जन्मवर्ष १९०५. याच वर्षी जपानने कोरियाचे परराष्ट्र धोरण आपल्या हाती घेतले. नामदेमुन बाजारावर जपानी भांडवलाची पकड बसत असताना कोरियन व्यापाऱ्यांनी स्वतःची कंपनी काढून हा बाजार सुरू केला. वरच्या मजल्यांवर आजही रेशीम आणि हानबोक या पारंपरिक वेषाचे कापड विकले जाते. परंतु परदेशी पर्यटक येतात ते खालच्या खाद्यगल्लीसाठी. येथील 'बिनदेत्तोक' पाहून मराठी माणूस थबकतोच: भिजवलेले मूग जात्यावर दळून, त्यात मोड आलेले कडधान्य आणि कांद्याची पात घालून तव्यावर टाकलेले जाड धिरडेच ते. शाकाहारी मंडळींनी मात्र हुरळून जाऊ नये. पिठात बहुधा डुकराचे मांस असते, आणि किमचीतही मासळीचे किंवा कोळंबीचे आंबवण असते. 'गोगी प्पे जुसेयो' म्हणजे 'मांस वगळून द्या', एवढे वाक्य पाठ करून जावे. तरीही तेलाची खात्री देता येत नाही.

दुकान चालवणाऱ्या बायकांना गिऱ्हाईक 'इमो' म्हणून हाक मारते. इमो म्हणजे आईची बहीण, मावशी. भाजीवालीला मावशी म्हणणाऱ्या आपल्यासारख्यांना हे वेगळे शिकवावे लागत नाही.

प्रसिद्धीचे तोटेही या बाजाराने पाहिले आहेत. २०१९ मध्ये नेटफ्लिक्सच्या मालिकेत येथील एक नूडलविक्रेती झळकल्यावर रांगा लागू लागल्या. २०२३ च्या नोव्हेंबरमध्ये पंधरा हजार वॉनला मिळालेल्या अगदी तुटपुंज्या ताटलीची चित्रफीत पसरली आणि टीकेचा भडिमार झाला. त्यानंतर किमतीसोबत मालाचे प्रमाणही लिहावे, असा आग्रह प्रशासनाने धरला. पदार्थ घेण्यापूर्वी फलक पाहावा आणि बोटाने दाखवून नग ठरवून घ्यावेत.

स्वस्त सहलींची आणखी एक गोम आहे. जिन्सेंगचे केंद्र किंवा जांभळ्या अमेथिस्ट खड्यांचे दुकान, असा एखादा थांबा त्यांत हमखास असतो. तेथील कमिशनवरच सहलीचा कमी दर पेलतो. खरेदीची सक्ती नसते, पण त्यात गेलेला पाऊण तास हुवोनच्या वाट्याचा असतो. 'खरेदीचा थांबा नाही' असे स्पष्ट लिहिलेली सहल थोडी महाग पडली तरी परवडते. वारही पाहून घ्यावा: ग्योंगबोकगुंग मंगळवारी बंद, चांगदोकगुंग सोमवारी. हानबोक भाड्याने घेऊन घातल्यास राजवाड्यांत प्रवेश मोफत असतो.

नामदेमुन बाजार दिवसा किरकोळ आणि मध्यरात्रीनंतर घाऊक. एकदिवसीय सहल त्याचा खरा चेहरा पाहतच नाही. गावोगावचे दुकानदार पहाटेपर्यंत येथे गठ्ठे बांधत असतात. गल्ल्यांपैकी एक तर केवळ वाकटीच्या तिखट कालवणाची. बाजाराला ज्याचे नाव मिळाले, तो शहराचा दक्षिण दरवाजा सुंगन्येमुन जवळच आहे. जपानी आक्रमण आणि कोरियन युद्ध यांतून बचावलेल्या या दरवाजाला १० फेब्रुवारी २००८ च्या रात्री एका वृद्धाने आग लावली. जमिनीच्या मोबदल्यावरून सरकारवर त्याचा राग होता. लाकडी मनोरा कोसळताना लोकांनी दूरचित्रवाणीवर पाहिला. दुसऱ्या दिवशी अनेक जण तेथे पांढरी फुले ठेवून गेले. पारंपरिक अवजारांनी दगड आणि लाकूड घडवत पाच वर्षे काम चालले आणि मे २०१३ मध्ये दरवाजा पुन्हा उघडला. तेथे जाण्यासाठी तिकीट लागत नाही. बाजारातून चालत पाच मिनिटे लागतात.