हाताच्या मापाचा हातमोजा

क्रिकेटच्या खेळात क्षेत्ररक्षकांपैकी फक्त यष्टिरक्षकालाच हातमोजे घालण्याची मुभा असते, हे तुम्हांला ठाऊक आहेच. बाकीच्या दहा जणांना उघड्या तळव्यांनीच झेल घ्यावे लागतात. बेसबॉलमध्ये तसे नाही. अमेरिकेत व जपानात हा खेळ अतिशय लोकप्रिय आहे. त्यात क्षेत्ररक्षण करणारे नऊच्या नऊ खेळाडू एका हातात चामड्याचा भला मोठा मोजा घालूनच मैदानात उतरतात. या खेळातला चेंडू मऊ नसतो. त्याचे वजन १४२ ते १४९ ग्रॅम, म्हणजे क्रिकेटच्या चेंडूपेक्षा थोडेसेच कमी असते, आणि फटका बसला की तो तितक्याच वेगाने अंगावर येतो.

आरंभी मात्र बेसबॉलचे खेळाडूही उघड्या हातांनीच खेळत. बोटे मोडत, तळहात सुजत; परंतु मोजा घालणे हे भित्रेपणाचे लक्षण समजले जाई. १८७५ साली चार्ल्स वेट नावाचा खेळाडू मोजा घालून मैदानावर आला, तेव्हा त्याने तो मुद्दाम कातडीच्या रंगाचा निवडला होता. हेतू हा, की प्रेक्षकांच्या ते ध्यानात येऊ नये! पुढे १८७७ साली अल्बर्ट स्पॉल्डिंग या नामांकित खेळाडूने उघडपणे काळा मोजा घातला, आणि हळूहळू ही लाज मोडली. स्पॉल्डिंगचा खेळाच्या साहित्याचा व्यापारही होता, हे येथे विसरून चालणार नाही.

हे पहिले मोजे साधे, तळहातापुरते होते. १९२० च्या सुमारास बिल डोक या खेळाडूच्या कल्पनेवरून मोज्याचा अंगठा व तर्जनी यांच्यामध्ये चामडी वाद्यांची जाळी विणलेले मोजे विकले जाऊ लागले. त्या जाळीमुळे मोज्यात एक खोलगट खळगा तयार झाला. चेंडू आता तळहातावर आदळेना. तो या खळग्यात शिरू लागला आणि खेळाडूने पंजा मिटला, की तेथेच अडकू लागला. बेसबॉलचा मोजा हे हाताचे नुसते संरक्षण नव्हे. ती चेंडू पकडण्याची चिमटाच आहे असे म्हटले तरी चालेल. चिमटा मिटता आला पाहिजे, ही गोष्ट लक्षात ठेवा. कारण मुलासाठी मोजा निवडताना सारा प्रश्न येथेच येऊन थांबतो.

आपल्याकडे जून महिन्यात शाळेचे कपडे शिवताना शिंप्याला काय सांगतात, ते आठवा. "वाढत्या मापाचे शिवा, दोन वर्षे पुरले पाहिजेत." चामड्याचा चांगला मोजा स्वस्त नसतो, म्हणून अमेरिकेतील आईवडीलही दुकानात गेल्यावर नेमका असाच विचार करतात. त्यातून मोठा मोजा पाहिला, की मुलाचेही डोळे चमकतात. जेवढा मोजा मोठा, तेवढे झेल अधिक, असे त्याला वाटते. परंतु सदऱ्याची बाही लांब झाली, तर ती दुमडता येते. मोजा दुमडता येत नाही.

मोठ्या मोज्याने काय बिघडते, ते समजून घेण्यासाठी एक लहानसा प्रयोग करा. पाण्याने भरलेला तांब्या छातीशी धरा. तो विशेष जड वाटणार नाही. आता तोच तांब्या हात लांब करून समोर धरा. थोड्याच वेळात हात भरून येईल. वजन तेवढेच आहे, पण ते खांद्यापासून दूर गेले आहे. मोज्याचे असेच होते. मोजा जितका लांब, तितके त्याचे वजन मनगटापासून दूर जाते. आठ वर्षांच्या मुलाला तो वेळेवर उचलता येत नाही, उचलला तर चेंडूच्या दिशेने वळविता येत नाही, आणि चेंडू आत आलाच, तर मिटता येत नाही. चेंडू उसळून बाहेर पडतो. कधी तो छातीवर लागतो, कधी ओठावर.

यापुढची गोष्ट अधिक वाईट आहे. दोनतीनदा असा मार बसला, की मूल चेंडू येताना तोंड फिरवू लागते, डोळे मिटते. डोळे मिटल्यावर झेल कसा मिळणार? मग पुन्हा मार बसतो. "याला खेळ जमत नाही," असे मोठी माणसे म्हणतात, आणि मूलही ते खरे मानून मैदानाच्या कडेला जाऊन बसते. दोष त्याच्या हाताचा किंवा मनाचा नसतो. पुष्कळ वेळा तो दोन इंच जास्त असलेल्या चामड्याचा असतो.

हेच शहाणपण मैदानाच्या बाबतीत एका माणसाला पूर्वीच सुचले होते. अमेरिकेतील पेनसिल्व्हेनिया राज्यात विल्यम्सपोर्ट नावाचे गाव आहे. तेथील कार्ल स्टॉट्झ याने १९३९ साली लहान मुलांसाठी 'लिटल लीग' ही संघटना सुरू केली. मोठ्यांच्या मैदानात एका बेसपासून दुसऱ्या बेसपर्यंतचे अंतर ९० फूट असते. स्टॉट्झने शेजारपाजारची मुले जमविली, त्यांना प्रत्यक्ष खेळायला लावले आणि अंतरे कमी-जास्त करून पाहिली. शेवटी ६० फूट हे अंतर ठरले. मुले मोठी होईपर्यंत थांबण्याऐवजी त्याने मैदानच लहान केले.

आता मोज्याचे माप कसे घेतात, ते पाहू. मोज्याच्या तर्जनीच्या टोकापासून आतल्या बाजूने, खळग्यातून, मनगटाकडील काठापर्यंत फीत धरायची. जी लांबी भरेल, ते त्या मोज्याचे माप. ते इंचांत सांगतात आणि बहुधा मोज्यावरच छापलेले असते. पाच ते सात वर्षांच्या मुलांना साधारणपणे ९ ते १०॥ इंचांचा मोजा पुरतो. आठ ते दहा वर्षांच्या मुलांना १०॥ ते ११॥ इंचांचा लागतो, आणि तुमच्या वयाच्या मुलांना ११ ते १२ इंचांचा. मोठ्यांच्या व्यावसायिक सामन्यांतही साध्या क्षेत्ररक्षकाचा मोजा १३ इंचांहून लांब चालत नाही. यावरून बारा वर्षांच्या मुलासाठी १३ इंचांचा मोजा घेणे किती विचित्र आहे, ते दिसेल. आपल्या यष्टिरक्षकाप्रमाणे फलंदाजाच्या मागे बसणाऱ्या खेळाडूचा गुबगुबीत मोजा मात्र लांबीने न मोजता परिघाने मोजतात. त्यावर ३२ इंच असा आकडा दिसला, तर दचकू नये.

परंतु हे आकडे मोज्याचे आहेत, हाताचे नव्हेत. पुष्कळ लोक येथेच फसतात. लांबीने सारखे असलेले दोन मोजे शेजारी ठेवा. एक प्रौढांसाठी केलेला, दुसरा मुलांसाठी. फितीला फरक कळणार नाही; हात घालताच कळेल. मुलांच्या मोज्यात बोटांची घरे अरुंद असतात व मनगटाचे तोंड लहान असते. प्रौढांच्या मोज्यात मुलाचा हात सैल पिशवीतल्या नाण्यासारखा इकडेतिकडे हलतो. म्हणून माझ्या मते कोष्टक वाचून मोजा घरी मागविण्यापेक्षा मुलाला दुकानात नेणे केव्हाही बरे. मोजा हातात घालून बोटे जमिनीकडे करावीत व हात हलकेच झटकावा. मोजा गळून पडला, तर तो मोठा आहे. नंतर दुसऱ्या हाताची मदत न घेता तो पाचसहा वेळा उघडमीट करून पाहावा. तो मिटेना, तर मोजा मोठा तरी आहे किंवा त्याचे चामडे त्या हाताला फार कडक तरी आहे. अशा वेळी मऊ चामड्याचा साधा मोजा घ्यावा. जाड चामड्याचा महागडा मोजा कपाटातच राहायचा.

मोजा कोणत्या हातात घालायचा, हाही प्रश्न आहेच. ज्या हाताने चेंडू फेकतो तो हात मोकळा हवा. म्हणून मोजा दुसऱ्या हातात. डावखुऱ्या मुलाने मोजा उजव्या हातात घातला पाहिजे. येथे लिहिण्याचा किंवा बॅट धरण्याचा हात पाहू नये. जपानचा विख्यात खेळाडू शोहेई ओतानी डावखुरी फलंदाजी करतो, पण चेंडू उजव्या हाताने फेकतो; त्यामुळे त्याचा मोजा डाव्या हातात असतो. याच ओतानीने २०२३ साली जपानमधील सुमारे वीस हजार प्राथमिक शाळांना मोजे भेट देण्याचे जाहीर केले. प्रत्येक शाळेला तीन मोजे, आणि तिन्ही लहान मुलांच्या मापाचे. त्यांपैकी दोन उजव्या हाताने फेकणाऱ्यांसाठी आणि एक डावखुऱ्यांसाठी होता. वर्गातल्या एकट्या डावखुऱ्या मुलाची आठवण ठेवणारी भेट क्वचितच पाहायला मिळते.

खेळाडूच्या जागेप्रमाणेही मोजा थोडा बदलतो. बेसच्या आसपास उभ्या राहणाऱ्याला चेंडू पकडून क्षणात फेकायचा असतो. त्याचा मोजा आखूड व खळगा उथळ असतो. दूर सीमेकडे धावणाऱ्याला लांब मोजा व खोल खळगा उपयोगी पडतो. लहान मुले मात्र आज येथे, उद्या तेथे खेळतात. त्यांनी या भानगडीत पडू नये.

नवा मोजा प्रथम ताठच असतो. त्याला चामड्याचे तेल अगदी बेताने लावतात; जास्त लावले, तर तो जड व लिबलिबीत होतो. लवकर मऊ व्हावा म्हणून काही जण तो भट्टीत तापवितात, पण त्याने चामडे सुकून तडकते. खरा उपाय म्हणजे रोज थोडा वेळ कोणाशी तरी चेंडूची फेकाफेक करणे. रात्री खळग्यात चेंडू ठेवून मोजा मिटतात, त्याला दोरी गुंडाळतात, आणि काही मुले ते गाठोडे गादीखाली ठेवून झोपी जातात.