शब्द, भीती आणि गुन्हा

विद्यार्थ्याने शाळेत लिहिलेले शब्द गुन्हा केव्हा ठरतात? अमेरिकेतील एका खटल्याने याची कसोटी स्पष्ट केली आहे.

मार्च २००१ मध्ये कॅलिफोर्नियातील सँटी येथे एका शाळेत गोळीबार होऊन दोन विद्यार्थी ठार झाले. त्याच महिन्यात, त्याच राज्यातील सॅन होजे शहरात पंधरा वर्षांच्या एका मुलाने शाळेतील हिंसेचा उल्लेख असलेली स्वतःची कविता सहाध्यायी मुलींना वाचावयास दिली. मुली घाबरल्या. बाल न्यायालयाने त्यास धमकीबद्दल दोषी ठरविले.

२००४ मध्ये राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय एकमताने रद्द केला. ऐकणाऱ्यास भीती वाटणे पुरेसे नाही. धमकी देण्याचा हेतू हवा आणि शब्द निःसंदिग्ध, विशिष्ट व तात्काळ कृतीची जाणीव देणारे हवेत, असा त्याचा आशय. मात्र शाळेने व पोलिसांनी केलेली चौकशी न्यायालयाने गैर मानली नाही.

आपल्या भारतीय न्याय संहितेच्या कलम ३५१ मध्येही हेतूलाच महत्त्व आहे. म्हणून आम्हा शिक्षकांना आणि पालकांना एवढेच सांगावेसे वाटते : अस्वस्थ करणारे लेखन दुर्लक्षू नये, विद्यार्थ्याशी त्वरित बोलावे, परंतु चौकशी संपण्यापूर्वी त्याला गुन्हेगार म्हणू नये.