नाथांची सासुरवाशीण

माउली, भारुडाला आपण हसतो. हसावंच. पण नेमकं कुणाला हसतो, ते बघा.

एकनाथ महाराजांची एक सासुरवाशीण आहे. भवानीआईला नवस बोलते. मागते काय? सासरा नको, सासू नको, जाऊ बोडकी होऊ दे, नणंदेच्या पोराला खरूज होऊ दे. बाया तोंडाला पदर लावून हसतात. त्यांच्याच मनातलं बोलते ना ती! मग ती नवराही नको म्हणते, आणि मंडप जरा गप्प होतो. शेवटी मागणं एवढंच, की आई, मला एकटीलाच राहू दे. इथं तो सासरचा संताप राहत नाही. प्रपंचातून सुटू पाहणाऱ्या जीवाची ती तळमळ होते.

पैठणला नाथांचा संसार गिरिजाबाईंच्या साथीनं गोडीचा. त्यांना कसला आलाय सासुरवास! तरी बोलताना ते सून झाले. कारण ‘वैराग्य धरा’ म्हटलं की आपण मान डोलावतो आणि घरी जातो. सुनेचा वैताग मात्र घरचाच. तो आधी झोंबतो, अर्थ मागून येतो. विंचवाच्या भारुडातही ठणका आहे. आणि तो विंचू कामक्रोधाचा.

आणि माउली, ‘नणंदेचं पोर’ म्हटल्यावर तुम्ही हसलात, तेव्हा कुणाचं तोंड आलं होतं डोळ्यांपुढं?