गावकऱ्यांच्या हातात हॅम्लेट देऊन सत्तेची खिल्ली उडवणारा क्रोएशियन पटकथाकार

हॅरी पॉटरच्या सिनेमातला कांड्या बनवणारा म्हातारा ग्रेगोरोविच आठवतोय? तो साकारणारे रादे शेर्बेजिया तरुणपणी एका खेडवळ हॅम्लेटच्या भूमिकेत दिसले होते. तो सिनेमा ज्यांच्या नाटकावर बेतला होता, ते इव्हो ब्रेशान.

१९३६ साली क्रोएशियातल्या व्होदित्से गावात त्यांचा जन्म झाला. शिबेनिक शहरात ते अनेक वर्षं शाळामास्तर होते. त्यांचं गाजलेलं नाटक १९७१ साली झाग्रेबमध्ये रंगमंचावर आलं. त्याची गोष्ट भन्नाट आहे.

दुसऱ्या महायुद्धानंतरचं एक खेडं. कम्युनिस्ट पक्षाचा स्थानिक पुढारी गावकऱ्यांकडून हॅम्लेट बसवून घेतो आणि राजाची भूमिका स्वतःकडे ठेवतो. यानेच सहकारी संस्थेचे पैसे खाल्लेत आणि आळ घातलाय एका निरपराध माणसावर. त्या माणसाचा मुलगा नाटकात हॅम्लेट झालाय! म्हणजे नाटकातलं भांडण गावात आधीच पेटलेलं आहे.

दिग्दर्शक क्रस्तो पापिच यांनी यावर केलेला सिनेमा १९७४ च्या बर्लिन महोत्सवात स्पर्धेत होता. पुढे या जोडीने 'इझबाविटेल' (१९७६) केला. त्यात उंदीर माणसाचं रूप घेऊन शहर ताब्यात घेऊ पाहतात. १९८० च्या निकोला टेस्लावरच्या सिनेमाच्या पटकथेतही ब्रेशान होते. त्यात बँकर जे. पी. मॉर्गन झाले होते खुद्द ऑर्सन वेल्स.

नव्वदच्या दशकात युगोस्लाव्हिया फुटला. आता ब्रेशान मुलासोबत, म्हणजे दिग्दर्शक विन्को ब्रेशान यांच्यासोबत लिहू लागले. १९९६ च्या सिनेमात एका बेटावरचा मेजर बराक सोडायला तयार नाही, म्हणून लोक बाहेर स्टेज बांधून गाण्याबजावण्याचा कार्यक्रम सुरू करतात. युद्ध नुकतंच संपलं होतं, तरी क्रोएशियात हा सिनेमा तुफान चालला. १९९९ च्या 'मार्शल'मध्ये तर थेट टिटोचं भूत अवतरतं. म्हातारे कम्युनिस्ट हरखतात आणि महापौराला त्यात पर्यटनाचा धंदा दिसतो.

कम्युनिस्ट राजवट असताना त्यांनी तिच्या पुढाऱ्यांना हसवत उघडं पाडलं. ती गेल्यावर नव्या देशातल्या देशभक्तांना आणि व्यापाऱ्यांनाही सोडलं नाही. एकाच बाजूची थट्टा करणारे पुष्कळ असतात. ब्रेशान यांना दोन्ही काळांतले प्रेक्षक आपले मानतात, ते यामुळेच.

२०१७ साली त्यांचं निधन झालं.