हौशी गळ्यांची वृंदगान मंडळी



इंग्लंडमध्ये यॉर्कशायर भागात हडर्सफील्ड हे लोकरी कापडासाठी प्रसिद्ध असलेले गाव आहे. तिथे १८३६ साली 'हडर्सफील्ड कोरल सोसायटी' ही वृंदगान मंडळी स्थापन झाली. गाणारे सर्व हौशी, मानधन नाही. हॅन्डेल यांनी १७४१ साली रचलेला 'मसाया' नाताळच्या सुमारास गाण्याची त्यांची जुनी परंपरा आहे. १९३२ ते १९६७ अशी ३५ वर्षे सर माल्कम सार्जंट यांनी त्यांचे संचालन केले.

त्या काळी इंग्लंडात पाच रेषांची स्वरलिपी सामान्य माणसाला अवघड वाटे. नॉर्विचच्या सारा ग्लोव्हर या शिक्षिकेने स्वरांना सोपी अक्षरे दिली. जॉन कर्वेन या धर्मोपदेशकाने १८४० नंतर त्या पद्धतीचा प्रसार केला. आपला 'सा' जसा कोणत्याही पट्टीत धरता येतो, तसाच त्यातला 'डो' सरकतो. त्यामुळे कामगार व मुलेही स्वर वाचून गाऊ लागली आणि ठिकठिकाणी गायनमंडळ्या उभ्या राहिल्या.

वृंदगानात एकट्याचा गोड गळा पुरत नाही. शेजाऱ्याचा सूर ऐकावा लागतो. तो कान एकत्र सरावानेच तयार होतो. आपल्या शाळेत शिकवणीसाठी मुले समूहगानाचा तास सोडून जातात. पालकांना विनंती, आठवड्यातला तेवढा एक तास मुलांना गाऊ द्या. आवाज कसा आहे याची काळजी नको, नियमित येणे पुरे.