उपवास आणि कर्कपेशी

नोव्हेंबर २०२४ मध्ये माजी क्रिकेटपटू नवज्योतसिंग सिद्धू यांनी आपल्या पत्नीचा चौथ्या अवस्थेतील कर्करोग आहारनियमनाने बरा झाल्याचे अमृतसर येथे सांगितले. साखर वर्ज्य, दोन जेवणांत दीर्घ अंतर, जोडीला लिंबूपाणी, हळद आणि कडुनिंब, असा तो क्रम होता. लगोलग मुंबईच्या टाटा मेमोरियल रुग्णालयाच्या २६२ आजी-माजी तज्ज्ञांनी पत्रक काढून, अशा उपायांवर विसंबून उपचार लांबवू नयेत, असे विनविले. रायपूरच्या छत्तीसगड सिव्हिल सोसायटीने तर ८५० कोटी रुपयांची नोटीस धाडली. रुग्ण औषधोपचार सोडतील, ही तिच्यामागची चिंता होती. पुढे सिद्धू यांनीही आहार हा उपचारांना पूरक होता, असा खुलासा केला.

मग या कल्पनेत तथ्य मुळीच नाही काय? थोडे आहे, आणि म्हणूनच ती फसवी ठरते. कर्कपेशी ग्लुकोज अधाशीपणाने खाते आणि प्राणवायू उपलब्ध असतानाही ते आंबविण्याच्या मार्गाने वापरते, हे जर्मन शास्त्रज्ञ ओटो वारबुर्ग यांनी १९२० नंतरच्या दशकात दाखविले. पेट स्कॅन याच अधाशीपणावर आधारलेला आहे. किरणोत्सर्गी खूण लावलेली शर्करा जेथे साठते, तेथे गाठीचा संशय घेतात.

परंतु ताटातील साखर काढली म्हणजे रक्तातील साखर संपत नाही. यकृत आपल्या साठ्यातून, आणि तो सरल्यावर स्नायूंतील प्रथिनांतूनही, ग्लुकोज तयार करते. मेंदूला ते लागतेच. शिवाय कर्कपेशी ग्लुटामिन व स्निग्ध पदार्थांवरही निर्वाह करू शकते. तिची उपासमार करू पाहणारा रुग्ण बहुधा स्वतःचेच मांस झिजवितो.

उपवासाने इन्शुलिन व वाढीस चालना देणारी काही द्रव्ये घटतात, हे खरे. उंदरांना अल्पाहारावर ठेवल्यास गाठी सावकाश वाढतात, हे १९०९ मध्येच आढळले होते. माणसांवरील प्रयोगांचा पुरावा मात्र तोकडा आहे. नेदरलंडमध्ये १३१ स्तनकर्करोगी स्त्रियांवर झालेला प्रयोग २०२० मध्ये प्रसिद्ध झाला. केमोथेरपीच्या आसपास काही दिवस उपवाससदृश आहार घेणाऱ्यांत गाठी आकसण्याचे प्रमाण अधिक दिसले. तथापि तेथे उपवास औषधासोबत होता, औषधाऐवजी नव्हे.

आपल्याकडील उपवासाची तऱ्हा आणखी निराळी. ‘एकादशी, दुप्पट खाशी’ ही म्हण उगीच रूढ झालेली नाही. साबुदाणा म्हणजे जवळजवळ निव्वळ पिष्ट. तो पचून त्याचे ग्लुकोजच होते. अशा व्रताने मनाला समाधान लाभेल. इन्शुलिन काही उतरणार नाही.

कर्करोगात अन्नावरची वासना आधीच उडते आणि वजन झपाट्याने घटते. अशा शरीराला पुरेशी प्रथिने व उष्मांक मिळाले, तरच ते औषधांचा मारा सोसते. नव्या रायपुरात २०१८ पासून बाल्कोचे कर्करोग रुग्णालय चालू आहे. उपचार असा जवळ आलेला असताना रुग्णाने हळदीच्या भरवशावर महिने दवडणे घातक होय. गाठ लहान आहे तोवर ती काढता येते; वाट पाहण्यात गेलेले दिवस कोणत्याही पथ्याने परत मिळत नाहीत. आहार कसा असावा, हे रुग्णाने उपचार करणाऱ्या डॉक्टरांना अवश्य विचारावे. उपचार घ्यावेत की नाही, हे मात्र आहारावरून ठरवू नये.