सेवाज्येष्ठता : तारीख कोणती धरावयाची?

शासकीय कर्मचाऱ्याच्या सेवापुस्तकात अनेक तारखा नोंदलेल्या असतात. नेमणुकीची तारीख, परिविक्षा संपल्याची तारीख, सेवेत कायम झाल्याची तारीख, पदोन्नतीची तारीख. यांपैकी कोणत्या तारखेपासून ज्येष्ठता मोजावयाची, हा प्रश्न वरवर पाहता किरकोळ वाटतो. परंतु याच प्रश्नावरून महाराष्ट्रातील अभियंत्यांचे दोन गट अनेक वर्षे न्यायालयात परस्परांसमोर उभे होते. वरची पदे थोडी आणि पात्र कर्मचारी अनेक, अशी स्थिती असते तेव्हा ज्येष्ठता सूचीतील चार क्रमांकांचा फरकही मोठा ठरतो. वरच्या पदावरून निवृत्त व्हावयाचे की आहे त्याच पदावरून, हे त्यावर अवलंबून राहते आणि निवृत्तिवेतनही त्यानुसार बदलते.

वादाचे मूळ

बहुतेक संवर्गांत प्रवेशाच्या दोन वाटा असतात. काही पदे सरळसेवेने, तर काही खालच्या पदावरील कर्मचाऱ्यांना पदोन्नती देऊन भरली जातात. दोघांचे काम एकच, अधिकार तेच आणि पुढील पदोन्नतीसाठी सूचीही एकच. साहजिकच एकाचा क्रमांक वर गेला की दुसऱ्याचा खाली येतो.

पूर्वीच्या नियमांत पदोन्नत उपअभियंत्याची ज्येष्ठता तो कायम झाल्याच्या तारखेपासून धरली जाई. कायम होणे मात्र स्थायी पद उपलब्ध असण्यावर अवलंबून असे. समजा, एक जण १९६० मध्ये पदोन्नतीने उपअभियंता झाला आणि दुसरा १९६५ मध्ये सरळसेवेने आला. दुसरा परिविक्षा संपताच कायम होई. पहिला स्थायी पदाच्या प्रतीक्षेत राही आणि पाच वर्षे आधी काम सुरू करूनही सूचीत कनिष्ठ ठरे.

दोन महत्त्वाचे निर्णय

पटवर्धन विरुद्ध महाराष्ट्र राज्य या प्रकरणी सर्वोच्च न्यायालयाने १९७७ मध्ये ही पद्धत समानतेच्या तत्त्वाशी विसंगत ठरविली. कर्मचारी कायम होणे हे त्याच्या कार्यक्षमतेवरही अवलंबून नसते आणि जागा रिक्त असण्यावरही नसते. मग ज्येष्ठतेचा आधार ते कसे होऊ शकेल, असा या निर्णयाचा आशय होता. त्यानंतर शासनाने केलेल्या नियमांना सरळसेवेच्या अभियंत्यांनी आव्हान दिले. त्यावर पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने १९९० मध्ये निर्णय दिला. त्यातील सूत्रे आजही अशा वादांत आधारभूत मानली जातात.

पहिले सूत्र असे की, नियमानुसार नेमणूक झाली असल्यास ज्येष्ठता नेमणुकीच्या तारखेपासून मोजावी, कायम झाल्याच्या तारखेपासून नव्हे. दुसरे असे की, केवळ तात्पुरती सोय म्हणून, नियमांना सोडून दिलेल्या तदर्थ नेमणुकीचा काळ ज्येष्ठतेसाठी धरता येत नाही. मात्र सुरुवातीची नेमणूक विहित कार्यपद्धतीने झालेली नसली, तरी पुढे नियमानुसार ती नियमित होईपर्यंत कर्मचारी त्या पदावर अखंड राहिला असेल, तर तो काळ जमेस धरला जातो. म्हणजे पदोन्नतीच्या आदेशात ‘तदर्थ’ हा शब्द का आला आहे, हे आदेश हाती पडताच पाहून घेणे अगत्याचे आहे.

सन २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आणखी एक मुद्दा स्पष्ट केला. कर्मचारी ज्या दिवशी सेवेत दाखलच झालेला नव्हता, त्या दिवसापासून त्याला ज्येष्ठता मागता येत नाही. भरतीची प्रक्रिया आधी सुरू झाली होती, एवढे कारण त्यासाठी पुरेसे नाही.

हरकत वेळेवर घ्यावी

महाराष्ट्रात ज्येष्ठतेसाठी १९८२ ची नियमावली होती. तिची जागा २०२१ च्या नियमावलीने घेतली आहे. प्रथम तात्पुरती सूची प्रसिद्ध होते, हरकती मागविल्या जातात आणि त्यांचा विचार करून सूची अंतिम केली जाते. हरकतीची मुदत हीच चूक दुरुस्त करून घेण्याची सर्वांत सोपी संधी होय. सूची फिरविली जाते तेव्हा अनेक जण केवळ आपले नाव पाहून सही करतात. नावापुढील प्रत्येक तारीख सेवापुस्तकाशी ताडून पाहणारे थोडेच.

विभागाकडे दाद मागूनही समाधान न झाल्यास महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे जाता येते. त्यासाठी अंतिम आदेशापासून सर्वसाधारणपणे एक वर्षाची मुदत आहे. निवेदनास उत्तरच न मिळाल्यास सहा महिने वाट पाहून त्यानंतरच्या एक वर्षात अर्ज करावा लागतो. केवळ पुन्हा पुन्हा निवेदने दिल्याने मुदत वाढत नाही. तसेच ज्या सहकाऱ्यांच्या क्रमांकावर परिणाम होणार असेल, त्यांना प्रतिवादी करणे आवश्यक असते.

न्यायालये विलंबाबाबत कठोर असतात, याचे कारणही समजून घ्यावयास हवे. जुनी सूची विस्कटली की मधल्या काळात झालेल्या पदोन्नत्या धोक्यात येतात आणि ज्यांचा काहीच दोष नाही अशांनाही झळ पोहोचते. दुसरीकडे, न्याय मिळेपर्यंत अर्जदार निवृत्त झालेला असेल, तर मानीव दिनांकाने कागदोपत्री पदोन्नती मिळते. त्या पदावर काम करण्याची संधी मात्र परत येत नाही. म्हणूनच कार्यालयाने सूची वेळेवर व अचूक प्रसिद्ध करावी आणि कर्मचाऱ्याने ती डोळसपणे वाचावी. एका टेबलाशेजारी बसून काम करणाऱ्या दोघांना वर्षानुवर्षे वादी-प्रतिवादी म्हणून वावरावे लागू नये, याचा तोच खात्रीचा उपाय आहे.